माळ्यावरची खार आणि आम्ही न लावलेला पिंजरा

कॅनडात जुन्या घराच्या माळ्यावर खार शिरणं ही सर्रास होणारी गोष्ट आहे. आमच्याकडे ती फेब्रुवारी २०२४ मध्ये शिरली आणि सगळं मार्गी लागायला मे उजाडला. त्या काळात मी कायदा वाचला, कंपन्यांना फोन केले, विम्याच्या कागदांत डोकं घातलं आणि काही रात्री वरच्या पिल्लांच्या काळजीने नीट झोपले नाही. मराठीत याबद्दल वाचायला काही मिळालं नव्हतं, म्हणून सविस्तर लिहिते आहे. ज्यांच्या डोक्यावर आत्ताच खुडबुड चालू असेल त्यांनी पुढचं सगळं वाचलं नाही तरी एवढं करावं: मार्च-एप्रिल किंवा ऑगस्ट-सप्टेंबर असेल तर पिंजरा लावू नका आणि भोकही बुजवू नका. आधी वर पिल्लं आहेत का ते बघून घ्या.

आमचं घर ओंटारियो प्रांतात, टोरोंटोला लागून असलेल्या मिसिसागात, सत्तरच्या दशकात बांधलेलं सेमी-डिटॅच्ड. एक भिंत आणि छपराची एक कड शेजाऱ्यांशी सामाईक. वरच्या मजल्यावरच्या छोट्या खोलीत सासूबाई झोपत. त्या सुपर व्हिसावर (आई-वडिलांना लांब मुक्कामासाठी मिळणारा व्हिसा) साताऱ्याहून आल्या होत्या. फॅमिली डेच्या सुट्टीला, म्हणजे १९ फेब्रुवारीला, सकाळच्या चहाला त्या म्हणाल्या, "अगं, माझ्या डोक्यावर पहाटेचं कुणीतरी पळतंय. दोन-तीन दिवस झाले. आधी मला वाटलं पाऊस आहे."

आवाज कसला आहे यापेक्षा तो कधी येतो हे जास्त उपयोगाचं असतं, हे मला नंतर कळलं. उंदीर रात्री फिरतात आणि त्यांची खरखर बारीक असते. रकून (डोळ्यांभोवती काळे पट्टे असलेला, मांजराहून मोठा इथला प्राणी) तोही रात्रीचाच, पण त्याची पावलं जड, वर कुणी माणूस चालतोय असं वाटावं इतकी. खार दिवसाची. उजाडताना बाहेर पडते, दुपारी परत येते, अंधार पडला की चिडीचूप. सासूबाईंनी जुन्या कॅलेंडरच्या पाठकोऱ्या पानावर वेळा लिहून ठेवायला सुरुवात केली: सकाळी पावणेसात, सव्वासात, दुपारी तीन. सगळ्या वेळा उजेडातल्या. पुढे कंपनीच्या माणसाने पाहणीला आल्यावर सगळ्यात आधी ते पान वाचलं.

शनिवारी नवऱ्याने रस्त्याच्या पलीकडे उभं राहून दुर्बिणीतून छप्पर न्याहाळलं. पन्हळीच्या मागची लाकडी पट्टी एका कोपऱ्यात कुरतडलेली होती आणि आतलं लाकूड ताजं, पिवळसर दिसत होतं. दहा मिनिटांत एक काळी खार त्या भोकातून आत गेली. भोक जेमतेम दोन इंचांचं असेल, पण तिला तेवढं पुरतं. दक्षिण ओंटारियोत काळ्या खारी भरपूर दिसतात. ती वेगळी जात नाही. इथल्या करड्या खारीचाच तो काळा रंग. आपल्याकडच्या पट्टेवाल्या खारीपेक्षा ती कितीतरी मोठी, अर्ध्या किलोच्या आसपास भरते. तिचे पुढचे दात आयुष्यभर वाढत राहतात, त्यामुळे काही ना काही कुरतडणं तिला भागच असतं. माळ्यावर कुरतडायला लाकूड असतं, प्लास्टिकचे व्हेंट म्हणजे हवेचे झरोके असतात आणि विजेच्या वायरी असतात. खरी भीती वायरींचीच.

बाजूच्या पोर्तुगीज आजोबांना सांगितलं तर ते लगेच आपल्या गॅरेजमधून तारेचा पिंजरा घेऊन आले. "पीनट बटर लाव, उद्या सकाळी सापडेल. गाडीत घाल आणि लांब कुठेतरी नेऊन सोड." त्यांनी ते आपुलकीनेच सांगितलं होतं. फोनवर एका हँडीमॅननेही हाच मार्ग सुचवला: ३५० डॉलर रोख, पिंजरा तो लावणार, सापडलेली खार चाळीसेक किलोमीटरवरच्या जंगलात सोडणार. पावती मिळणार नाही, असंही त्याने स्पष्ट सांगितलं.

ऐकायला हे सगळ्यांत दयाळू वाटतं. खार मरत नाही, जंगलात जाते, आपलं घर मोकळं होतं. मलाही दोन दिवस तसंच वाटत होतं. मग मी प्रांताचे नियम वाचायला बसले.

ओंटारियोत यासाठी १९९७ चा फिश अँड वाइल्डलाइफ कन्झर्वेशन ॲक्ट लागू होतो. तुमच्या मालमत्तेचं नुकसान करणारा प्राणी तुम्ही तुमच्या जागेत पकडू शकता. पण जिवंत पकडला तर २४ तासांच्या आत सोडावा लागतो, आणि तोही पकडलेल्या जागेपासून एक किलोमीटरच्या आत. चाळीस किलोमीटर सोडाच, दोन किलोमीटरवरचं उद्यानसुद्धा चालत नाही. आणि एक किलोमीटरच्या आत सोडलेली खार, भोक उघडंच असेल तर, घरी परत येणार. म्हणजे नियम पाळून पिंजरा लावला तर प्रश्न सुटत नाही, आणि प्रश्न सुटेल इतक्या लांब नेलं तर नियम मोडतो. ही अट कशासाठी, हे समजल्यावर ती मला मनापासून पटली. प्राण्यांबरोबर रोग पसरू नयेत हे एक कारण. दुसरं कारण खुद्द खारीचं.

२००४ मध्ये अमेरिकेतल्या मेरीलँडमधला एक अभ्यास प्रसिद्ध झाला. उपनगरातल्या ३८ करड्या खारी पकडून मोठ्या जंगलात सोडल्या आणि त्यांचा माग ठेवला. ८८ दिवसांत त्यातल्या ९७ टक्के खारी मेल्या किंवा तिथून नाहीशा झाल्या. विचार केला तर यात आश्चर्य नाही. खार शरद ऋतूत एकेक दाणा वेगवेगळ्या जागी पुरून ठेवते आणि आठवणीने व वासाने तो शोधत हिवाळा काढते. तिला उचलून अनोळखी जंगलात सोडलं की तिचं सगळं कोठार मागे राहतं. नव्या जागी ना घरटं ठाऊक, ना लपायची झाडं. शिवाय तिथल्या जुन्या खारी तिला टिकू देत नाहीत. फेब्रुवारी-मार्चमध्ये तर बाहेर खायलाही जवळजवळ काही नसतं.

हे मी रात्री जेवताना सांगत होते, तेव्हा सासूबाईंनी मला जो प्रश्न आधी पडायला हवा होता तो विचारला: "आणि तिची पिल्लं असतील वर, तर?" त्यावर कुणी काही बोललं नाही. आमच्या मुलाला त्यांनी आदल्याच दिवशी सेतू बांधायला वाळू नेणाऱ्या खारीची गोष्ट सांगितली होती, त्यामुळे त्याचं मत केव्हाच ठरलेलं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी नवऱ्याने आजोबांना पिंजरा परत केला आणि का करतोय तेही सांगितलं. त्यांना हे नवीन होतं, पण त्यांनी ऐकून घेतलं.

शहराच्या ३११ क्रमांकावर फोन केला. खासगी जागेतले धडधाकट वन्य प्राणी हटवणं त्यांच्या कामात येत नाही. जखमी किंवा आजारी प्राण्यासाठी मात्र ते येतात. मग टोरोंटो वाइल्डलाइफ सेंटरकडे वळले. ही १९९३ पासून काम करणारी धर्मादाय संस्था आहे आणि त्यांची वन्यजीव मदतवाहिनी आहे. माझ्या डोक्यातला गोंधळ तिथल्या माहितीने निवळला. करड्या खारीला वर्षातून दोनदा पिल्लं होतात, एकदा हिवाळ्याच्या अखेरीस ते वसंतात आणि एकदा भर उन्हाळ्यात. या दिवसांत माळा निवडणारी खार बहुतेक वेळा मादी असते. ती पिंजऱ्यात अडकली तर वर पिल्लं भुकेने मरतात. भोक बुजवलं आणि ती बाहेर राहिली, तर पिल्लांपर्यंत पोचण्यासाठी ती छपराचा दुसरा कोपरा फोडते. सगळ्यांत चांगला उपाय एकच: तिला तिची पिल्लं तिच्या तिनेच हलवू द्यायची. खारीची परिसरात एकाहून जास्त घरटी असतात. एक जागा बिघडली की ती बिऱ्हाड दुसरीकडे नेते.

यानंतर कंपनी शोधणं सोपं गेलं, कारण काय विचारायचं ते कळलं होतं. प्रत्येकीला मी पहिलाच प्रश्न हा विचारत होते: "वर पिल्लं निघाली तर तुम्ही काय करता?" एकाने सांगितलं की आधी एकतर्फी दार (प्राणी बाहेर पडू शकतो, पण परत आत येऊ शकत नाही असं) लावू, पिल्लांचं मग बघू. तिथेच फोन ठेवला. दुसरा पिंजऱ्याच्या गोष्टी करू लागला. जिला काम दिलं त्या कंपनीतल्या बाईंनी उलट मलाच विचारलं: आवाज कधीपासून आहे, खारीच्या पोटावरचे केस विरळ झालेले दिसतात का, स्तनाग्रं दिसतात का. पाहणीचे १५० डॉलर अधिक १३ टक्के एचएसटी (इथला विक्रीकर), काम दिलं तर ही रक्कम अंतिम बिलातून वजा. तारीख मिळाली ७ मार्च. दहाएक दिवस थांबणं जड गेलं. तोवर भोकाला हात लावू नका, वर धूर, नॅप्थलीनच्या गोळ्या, मोठा रेडिओ असलं काही करू नका, असं त्यांनी बजावलं होतं. बाथरूमच्या पंख्याचा स्विच मात्र आम्ही बंदच ठेवला, कारण आवाज त्या वायरीच्या आसपास होता.

७ मार्चला टेक्निशियन आला. माळ्याचं झाकण उघडण्याआधी त्याने घर किती सालचं आणि वर कोणतं इन्सुलेशन आहे ते विचारलं. जुन्या घरांत व्हर्मिक्युलाइट नावाचं, बारीक खड्यांसारखं, चकाकणारं इन्सुलेशन असू शकतं आणि त्यात ॲस्बेस्टॉस असण्याची शक्यता असते. ते असेल तर कुणीही वर जाऊन ते ढवळायचं नाही, आधी तपासणी. आमच्याकडे गुलाबी फायबरग्लास होतं. तुम्ही स्वतः झाकण उघडून डोकावणार असाल तर आधी हे नक्की माहीत करून घ्या.

तो वर असताना आम्ही जिन्यात उभे होतो. थोड्या वेळाने त्याने खाली फोनवर काढलेला फोटो दाखवला: गुलाबी कापसात सुकी पानं, सालीचे धागे, प्लास्टिकच्या पिशवीची एक पट्टी, आणि मधोमध मिटल्या डोळ्यांची, जवळजवळ केस नसलेली पिल्लं. आठवडाभराची असतील, म्हणाला. सासूबाईंनी फोटो पाहिला आणि पदराने डोळे टिपले.

पुढे दोन मार्ग होते. पहिला म्हणजे थांबायचं. पिल्लांचे डोळे चार-पाच आठवड्यांनी उघडतात आणि आठ-दहा आठवड्यांनी ती आईबरोबर बाहेर हिंडू लागतात. मग एकतर्फी दार लावलं की सगळं कुटुंब आपापलं बाहेर पडतं. वायरींना धोका नसेल तर मी हाच मार्ग निवडला असता. पण पंख्याच्या वायरीचं वरचं आवरण एका जागी कुरतडलेलं त्याला दिसलं होतं. म्हणून दुसरा मार्ग: पिल्लं हाताने उचलून उबदार खोक्यात भोकाशेजारी छपरावर ठेवायची आणि आईने ती न्यायची. त्यासाठी कोरडा, गोठणबिंदूच्या वरचा दिवस लागतो आणि सकाळी लवकर सुरुवात करावी लागते, म्हणजे आईला पूर्ण दिवस मिळतो. त्या वर्षी हिवाळा सौम्य होता. १४ मार्चचा अंदाज चांगला होता, तो दिवस ठरला.

मधल्या आठवड्यात कागदपत्रं झाली. भोकं बंद करायची जाळी सामाईक कडेवर थोडी शेजाऱ्यांच्या बाजूलाही येणार होती, म्हणून कंपनीला त्यांची लेखी संमती हवी होती. आजोबांनी अर्ध्या पानाच्या कागदावर सही केली आणि आपल्या बाजूचाही माळा बघून घ्यायला सांगितलं. तिकडे काही नव्हतं. तुमचं टाउनहाऊस कॉन्डोमिनियममध्ये मोडत असेल तर छप्पर बहुधा सामाईक मालकीत येतं. तेव्हा स्वतः कुणाला बोलावण्याआधी प्रॉपर्टी मॅनेजरला लेखी कळवा. कदाचित खर्चही त्यांचाच असेल. विम्याच्या कंपनीला मी ईमेल केला. उत्तरात त्यांनी पॉलिसीतलं कलम दाखवलं: उंदीर, खारी अशा कुरतडणाऱ्या प्राण्यांनी केलेलं नुकसान वगळलेलं. इथल्या बहुतेक पॉलिसींमध्ये असंच असतं, तरी आपली पॉलिसी वाचून बघा.

१४ मार्चला टेक्निशियन साडेआठला हजर झाला. आधी त्याने छपरावरचे इतर तीन व्हेंट अर्ध्या इंचाच्या जाड गॅल्व्हनाइज्ड जाळीने बंद केले. हा क्रम महत्त्वाचा आहे, नाहीतर एक दार बंद झाल्यावर ती दुसरं शोधते. मग तो माळ्यावर गेला. त्याची चाहूल लागताच आई भोकातून निसटून बाहेर पळाली. त्याने हातमोजे घालून एकेक पिल्लू उचललं. चार होती. आता अंगावर करडी लव आली होती, डोळे मिटलेलेच. चौथं उचलल्यावरही तो बराच वेळ आत बॅटरी फिरवत, कान देऊन बसून होता. एखादं पिल्लू कापसात घरंगळून राहिलं तर पुढचं सगळं व्यर्थ, असं त्याने खाली येऊन सांगितलं. तुम्ही ज्यांना काम द्याल त्यांच्याकडून ही दुसरी झडती होते की नाही ते जरूर बघा.

लाकडी खोक्यात खाली उष्णतेची पिशवी, वर कापड, त्यावर घरट्यातलीच पानं आणि धागे, आणि त्यात पिल्लं. खोकं भोकापासून हातभर अंतरावर छपराला बांधलं. भोकावर एकतर्फी दार बसवलं: स्प्रिंगचं, आतून ढकललं की उघडणारं, बाहेरून न उघडणारं. आणि मग त्याने आम्हा सगळ्यांना तिथून दूर जायला सांगितलं.

समोरच्या कडेला लावलेल्या गाडीत आम्ही बसलो. नवऱ्याने घरून काम असल्याचं कळवलं होतं, मी सुट्टी घेतली होती, सासूबाई शाल गुंडाळून मागच्या सीटवर. साडेदहाच्या सुमारास आई आली. सरळ भोकाकडे गेली. दाराला नाक लावलं, जाळी चावली, पंजांनी ओढून पाहिली. खोक्याकडे बघितलंही नाही आणि निघून गेली. पुन्हा आली, पुन्हा दाराशीच झटापट. माझ्या मनात येत होतं, आपण हिचं घर फोडलं आणि आता हिची पिल्लं उघड्यावर पडली आहेत. सासूबाई फक्त म्हणाल्या, "थांब. आई आहे ती."

तिसऱ्यांदा ती खोक्यावर चढली, वाकून आत शिरली आणि बाहेर आली तेव्हा तिच्या तोंडात पिल्लू होतं. मांजरीसारखं मानेला धरून नाही. खार पिल्लाला पोटाच्या कातडीला धरते आणि पिल्लू तिच्या मानेभोवती वेटोळं घालून चिकटतं. पन्हळीवरून धावत ती कोपऱ्यापर्यंत गेली, तिथून पदपथालगतच्या मेपलच्या फांदीवर झेपावली आणि थेट शेंड्याजवळच्या पानांच्या घरट्यात शिरली. ते घरटं हिवाळाभर आमच्या डोळ्यांसमोर होतं.

दुसरं पिल्लू वीसेक मिनिटांत गेलं. तिसरं एकच्या आधी. आणि मग ती येईनाच. दोन वाजले, तीन वाजले. मुलगा आला तो गाडीतच बसला. मी टेक्निशियनला फोन केला. त्याने शांतपणे सांगितलं की ती दमली असेल, तिघांना दूध पाजत असेल, अजून उजेड भरपूर आहे. अंधार पडेपर्यंत नाहीच आली तर खोकं गॅरेजमध्ये आणायचं, ऊब द्यायची, पण दूध नाही, पाणी नाही, काहीही पाजायचं नाही. सकाळी पुन्हा वर ठेवून बघायचं, नाहीतर वन्यजीव केंद्र. गायीचं दूध पिल्लांना बाधतं. आणि अनाथ वन्य पिल्लू २४ तासांपेक्षा जास्त घरी ठेवायला ओंटारियोत परवानगी नाही. अधिकृत संगोपन केंद्रातच द्यावं लागतं. पिल्लू आपण पाळायचं का, असं मुलाने लगेच विचारलेलं असल्यामुळे हे त्याला तिथेच सांगून टाकलं.

पावणेपाचला ती आली आणि चौथं पिल्लू घेऊन गेली. नंतर एकदा परत येऊन तिने रिकामं खोकं तपासलं आणि मगच झाडावर गेली. आम्ही सगळेच गाडीत रडत होतो. सासूबाईंनी तिथूनच हात जोडले.

एकतर्फी दार आठवडाभर ठेवलं, आत आणखी कुणी असेल तर बाहेर पडावं म्हणून. मग दार काढून भोकात वर्तमानपत्राचा बोळा कोंबला. तीन दिवस बोळा जागचा हलला नाही, म्हणजे माळा रिकामा. ही चाचणी फुकट आणि भरवशाची आहे, फक्त हवा चांगली असावी. वादळी थंडीत खार दोन-दोन दिवस आत पडून राहते. त्यानंतर कुजकी पट्टी बदलून वर धातूचं आवरण आणि जाळी बसवली. काम, खोकं, दार, जाळ्या मिळून १,१४० डॉलर, एचएसटीसकट १,२८८ डॉलर २० सेंट. पाहणीचे दीडशे यात धरलेले. दोन वर्षांची हमी मिळाली. हमी पूर्ण छपराची आहे की फक्त बंद केलेल्या जागांची, हे सही करण्याआधी वाचा. आमची फक्त बंद केलेल्या जागांची होती, आणि ते आम्हाला चालण्यासारखं होतं.

वायरीचं काम ८ एप्रिलच्या सूर्यग्रहणाच्या आठवड्यात झालं. ओंटारियोत घरातलं असं काम परवानाधारक इलेक्ट्रिकल कॉन्ट्रॅक्टरकडूनच करून घ्या. त्याचा ईसीआरए/ईएसए क्रमांक, म्हणजे परवाना क्रमांक, विचारा, आणि कामाची नोंद तो इलेक्ट्रिकल सेफ्टी अथॉरिटीकडे करणार आहे याची खात्री करा. त्या नोंदीचा कागद मागून घ्या. घर विकताना किंवा विम्याच्या वेळी तो लागतो. आम्हाला ३२० डॉलर आले. खराब झालेलं इन्सुलेशन कंपनी काढून देत होती, पण ते थोडंच होतं. नवऱ्याने एन-९५ मास्क, चष्मा, हातमोजे घालून ते दोन पिशव्यांत भरलं आणि नवीन अंथरलं. डाग दोन-तीन चौरस मीटरपेक्षा जास्त पसरले असतील तर मात्र ते काम माहीतगारांवर सोपवावं, असं मला वाटतं.

राहिला मेपल. त्याची फांदी छपरावर आलेली, आणि खार अडीच-तीन मीटर सहज उडी मारते. पण पदपथालगतची झाडं शहराच्या मालकीची असतात. आपण स्वतः फांदी तोडायची नाही. ३११ वर छाटणीची विनंती नोंदवायची, नोंदणी क्रमांक मिळतो, मग वाट बघायची. मी नोंदवताना विनंतीत लिहिलं की शेंड्याजवळ पिल्लांचं घरटं आहे, छाटणी पानगळीनंतर केली तर बरं. रांग तशीही लांब होती. माणसं नोव्हेंबरमध्ये आली आणि छपराकडची फांदी मागे घेऊन गेली.

सासूबाई रोज सकाळी पोळीचे तुकडे आणि भाताचा घास मागच्या डेकवर पाखरांसाठी ठेवत, साताऱ्याला ठेवतात तसाच. घराला लागून खाणं ठेवलं की खारी, रकून, उंदीर सगळेच येतात, असं टेक्निशियनने समजावलं. त्यांना ते जड गेलं. रोज घास काढायची चाळीस-पन्नास वर्षांची सवय. शेवटी त्यांनी घास बंद करून कुंपणाजवळ मातीच्या परळात पाणी ठेवायला सुरुवात केली, आणि उन्हाळाभर तिथे रॉबिन पक्षी येत राहिले.

महाराष्ट्रातून कुणी हे वाचत असेल तर तिथली खार वेगळी आणि कायदाही वेगळा. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात वन्य प्राणी सापळ्यात पकडणं हे शिकारीच्या व्याख्येतच येतं. एसीच्या मागे किंवा गॅलरीतल्या कुंडीत घरटं दिसलं तर पिल्लं मोठी होईपर्यंत तो कोपरा तिला देऊन टाका. ते शक्य नसेल तर वनखात्याच्या १९२६ या हेल्पलाइनवर विचारा, पण पिंजरा आणू नका.

आमच्यासारख्यांनी जुलैत एकदा आणि जानेवारीत एकदा, पिल्लांच्या हंगामाआधी, दुर्बीण घेऊन घराभोवती फेरी मारावी. पन्हळीचे कोपरे, व्हेंटच्या कडा, चिमणीचा पाया. ताजं कुरतडलेलं लाकूड दिसलं तर त्याच आठवड्यात फोन करा; पिल्लं होण्याआधी खार बाहेर काढणं निम्म्या खर्चात आणि एका भेटीत होतं, असं आमच्या टेक्निशियनने सांगितलं.